एका चुलीची माणसं

भूपालअण्णा मगदुमांची अब्रू गेली ती सकाळी सव्वाअकरा वाजता, पुण्याबाहेरच्या नव्या विमानतळावर, एका काचेच्या खोलीत. आणि ती घालवली कुणी? भाऊबंदांनी नाही, गल्लीतल्या बायकांनी नाही. हवा हुंगणाऱ्या एका यंत्राने.

अण्णा म्हणजे मिरजेच्या एका कॉलेजात चौतीस वर्षं रसायनशास्त्राच्या प्रयोगशाळेत सहायक म्हणून राबलेला माणूस. वय एकोणसत्तर, अंगकाठी सुपारीसारखी टणक, दिवस मावळायच्या आत जेवायचं हा घराण्याचा नेम कधी न मोडलेला. बायको जाऊन अकरा वर्षं झाली होती. एकुलता मुलगा सन्मती पुण्यात, पवनचक्क्या उभारणाऱ्या एका कंपनीत. आठवड्यातून दोनदा चेन्नईला जायचं आणि संध्याकाळी परत यायचं, अशी त्याची नोकरी. तोच आज वडिलांना हाताला धरून इथे घेऊन आला होता, 'निःशंक'च्या सभासदत्वात त्यांचं नाव घालायला.

हे 'निःशंक' काय प्रकरण होतं ते आधी सांगतो, म्हणजे पुढे अडायला नको. त्या वर्षापर्यंत विमानतळावरची साधी रांग म्हणजे जन्मठेप होऊन बसली होती. दोन-तीन वाईट घटना घडल्या, आणि मग प्रत्येक माणूस हा चोरच, असं धरून तपासणी सुरू झाली. बॅग उसवा, फोन उघडा, इथे बसा, तिथे उभे राहा, मागच्या महिन्यात कुठे होतात ते सांगा. सहा-सहा तास जायचे. ज्याला रोज उठून प्रवास करायचा त्याने करावं काय? त्याने 'निःशंक' घ्यावं. चार मिनिटांत पलीकडे.

आणि ही चार मिनिटं कशी जमायची? तर वासावर. माणूस नुसता चालत नाही, स्वतःभोवती एक ढग घेऊन चालतो. कातडीवरचे जंतू, श्वासातले रेणू, डोळ्यांना न दिसणारा अंगाचा भुगा, हे सगळं तासाला लाखोंनी झडत असतं. प्रत्येकाचा ढग वेगळा. पण एका छपराखाली राहणारी, एका कढईतलं खाणारी, एकाच टॉवेलला तोंड पुसणारी माणसं असली की तीन-चार आठवड्यांत त्यांचे ढग एकमेकांत मुरतात. हे शास्त्रज्ञांना फार वर्षांपासून ठाऊक होतं. नवं होतं ते हुंगणारं यंत्र. ओंजळभर हवा घेऊन चार सेकंदांत ते सांगायचं, हा माणूस कोण आणि हा किती काळ कुणाबरोबर जेवतोय-राहतोय.

चेहऱ्याची नक्कल करता येते, बोटाच्या ठशांची करता येते. कुणाबरोबर संसार केला याची नक्कल नाही करता येत. कंपनीने हाच धागा पकडला. ज्याच्यामागे भरलं घर आहे तो वेडंवाकडं काही करत नाही, असं त्यांचं गणित. म्हणून सभासदत्व एकट्याला नाही, घराला. त्याला त्यांनी नावही झकास दिलं होतं, 'चूल'. निदान चार माणसं हवीत. एक माणूस एकाच चुलीत. एक जरी गळला तरी बाकीचे पुन्हा साध्या रांगेत.

सन्मती, त्याची बायको ऋजुता आणि सहा वर्षांची इरा. झाले तीन. चौथा कोण, हे सांगायला ज्योतिषी नको.

तर काचेच्या खोलीत अण्णा हात बाजूला सोडून उभे राहिले. वरून झुळूक आल्यासारखं झालं. समोरच्या पडद्यावर एक निळं वर्तुळ उमटलं, आणि त्याच्यात अर्धंअधिक शिरलेलं दुसरं. गळ्यात ओळखपत्राचा पट्टा घातलेली मुलगी पडद्याकडे बघून हसली.

"काका, तुमची चूल दोन माणसांची दिसतेय."

"मी एकटाच असतो मिरजेत," अण्णा म्हणाले.

"एकटे कसे? हे बघा ना. बाई आहेत. साठीच्या पुढच्या. चांगली सात-आठ वर्षांची सोबत आहे, खूण अगदी घट्ट आहे." पोरगी निरागसपणे सांगत होती, भाजीचा भाव सांगावा तशी. "घरं दोन असली तरी चालतात, चूल एक असली की झालं. त्यांचंही नाव घालून टाकू का तुमच्याबरोबर? पाचवी व्यक्ती चालते, मग त्यांच्याकडे राहिलेले दिवसही घरचेच धरतात. तुम्ही फक्त नातं सांगायचं."

अण्णांच्या कानशिलांतून वाफा निघाल्या. शेजारी सन्मती उभा होता. त्याने एकदा पडद्याकडे पाहिलं, एकदा वडिलांकडे, आणि मग स्वतःच्या बुटांकडे. तो बोलला असता तर बरं झालं असतं, असं अण्णांना पुढे शंभरदा वाटलं.

"डबा देणारी बाई आहे ती," अण्णा घाईने म्हणाले. "नातं काही नाही."

"नुसत्या डब्याने एवढं होत नाही हो काका."

"सांगितलं ना एकदा! नातं नाही. लिहा तसं."

"मग ही खूण पुसावी लागेल. एकदा पुसली की परत आणता येत नाही, नव्याने मुरवावी लागते. पुसू?"

"पुसा," अण्णा म्हणाले.

मुलीने एक बटण दाबलं. दुसरं वर्तुळ गेलं.

आता ती बाई कोण, तेही ऐका. राजमती आवटी. मुलींच्या शाळेत शिवणकामाच्या शिक्षिका होत्या, निवृत्त होऊन आठ वर्षं झालेली. नवरा फार लवकर गेला, मूलबाळ नाही. अण्णांच्या दारासमोर त्यांचं दार. नऊ वर्षांपूर्वी अण्णांनी त्यांच्याकडे डबा लावला. पहिले दोन महिने डबा खरोखरच यायचा. मग बाईंचे गुडघे धरले म्हणून अण्णा स्वतः आणायला जाऊ लागले. मग आणेपर्यंत भाकरी निवते म्हणून तिथेच बसू लागले. पुढे तो डबा बाईंच्या फळीवर चढला आणि त्यात मेथीदाणे राहू लागले. सकाळचा चहा तिकडे, पेपर तिकडे, दुपारची डुलकी तिकडे, दिवस मावळायच्या आतलं जेवण तिकडे. तिकडचं विरजण इकडे, इकडचा टॉवेल तिकडे. झोपायला मात्र आपापल्या घरी. गल्लीला तेवढं पुरलं. "अण्णांनी बाईंकडे डबा लावलाय," असं सगळे म्हणायचे आणि तोंडं बंद ठेवायचे. खरं काय ते दोघांनाही ठाऊक होतं, पण नाव कुणी घेतलं नव्हतं. आपल्याकडे निम्मे संसार हे असेच, नाव न घेता चालतात.

अण्णा एकवीस दिवसांचे कपडे घेऊन पुण्याला आले होते. एकवीस दिवसांत ढग मुरतो, मग परत मिरज, असा त्यांचा हिशेब. बाविसाव्या दिवशी पिशवी भरून ते बाहेरच्या खोलीत आले, तर सन्मती म्हणाला, "अण्णा, हे काय? निघालात कुठे?"

"घरी. झालं की तुझं काम."

"अहो, मुरवायला एकवीस दिवस. पण टिकवायला राहायला लागतं. महिन्यातले पाच दिवस बाहेर गेलेले चालतात. त्याच्यापुढे गेलं की वर्तुळ विरळ होतं, आणि आम्ही तिघंही साध्या रांगेत. मी सांगितलं होतं ना तुम्हाला?"

सांगितलं असेलही. अण्णांनी सहीच्या जागी सही केली होती. पोटच्या पोराने पुढे केलेला कागद कोण वाचत बसतो?

ते कुणी दुष्ट नव्हते हो. उलट फार जपायचे. ऋजुताने त्यांच्यासाठी वेगळी गादी आणली, बाथरूममध्ये धरायला दांडा लावला. फक्त टॉवेल मुद्दाम एक ठेवला, सगळ्यांचा. घरात साडेनऊला जेवणं व्हायची, अण्णा साडेपाचला एकटेच ताटावर बसायचे. इरा कधीकधी दुधाचा पेला घेऊन शेजारी येऊन बसायची.

"आजोबा, तुम्ही एकटे का जेवता?"

"दिवस मावळायच्या आत जेवायचं असतं आपल्यात."

"मग मिरजेला कोण असतं तुमच्याबरोबर जेवायला?"

अण्णा तिला म्हणायचे, दूध पी, निवतंय.

बाविसाव्या मजल्यावरच्या खिडकीतून खाली बघितलं की माणसं दिसायची, पण हाक मारण्याइतकं जवळ कुणी नाही. दार उघडंच असायचं. जायला कुणाची बंदी नव्हती. जायचं तर मुलाची नोकरी पायाखाली घालून जायचं, एवढंच. अशा घराला तुरुंग म्हणताही येत नाही, आणि त्याचाच अण्णांना जास्त राग यायचा.

श्रावणात ते पाच दिवस मिरजेला गेले. बाईंनी दारातच विचारलं, "आलासा? मला वाटलं, विमानातच बिऱ्हाड केलंत."

"यायला मिळंना बाई."

"चेहरा बघा की कसा उतरलाय. चला, पाय धुवा, ताट वाढते."

पाच दिवस अण्णा पोटभर जेवले. भाकरी, शेंगांची चटणी, बाईंच्या हातचं घट्ट दही. पुण्याला परतले आणि चौथ्या दिवशी चेन्नईच्या विमानतळावर सन्मतीच्या नावापुढे पिवळा दिवा लागला. घरातल्या चौथ्या माणसाच्या ढगात परका वास मिसळलाय, तो कुणाचा याचा खुलासा करा. सन्मतीला सात तास बसवून ठेवलं. तिकडे ज्या कामावर बढती मिळायची होती ते काम दुसऱ्याला गेलं.

तो घरी आला तेव्हा ओरडला नाही. खुर्चीवर बसला आणि बूट काढता काढता म्हणाला, "अण्णा, तुम्ही जरूर जात जा मिरजेला. फक्त तिथलं खाऊ नका. ऋजुता डबे भरून देईल पाच दिवसांचे. चालेल ना?"

नाही कसं म्हणणार? अण्णा म्हणाले, "चालेल."

म्हणून पुढच्या महिन्यात काय झालं, तर अण्णा बाईंच्या स्वयंपाकघरात पाटावर बसले आणि समोर वाढलेलं ताट बाजूला सारून त्यांनी पिशवीतून प्लॅस्टिकचे डबे काढले. झाकणांवर ऋजुताने वार लिहिलेले होते. बाई उलथनं हातात घेऊन बघत राहिल्या.

"काय हो मगदूम, माझ्या हातचं विटाळलं की काय?"

"तसं नव्हे बाई. त्या यंत्राला चालत नाही."

"यंत्राला? आणि तुम्हाला?"

अण्णांनी मान खाली घालून सोमवारचा डबा उघडला. थंडगार पोळी घशाखाली उतरेना. बाईंनी त्यांच्यासाठी वाढलेलं ताट झाकून ठेवलं आणि त्या स्वतःही जेवल्या नाहीत. त्या दिवशी भांडण झालं असतं तरी परवडलं असतं. पुढचे चार दिवस बाई हवापाण्याच्या गप्पा मारत होत्या, पाहुण्याशी मारतात तशा.

कार्तिकात फोन आला. बाईंना दोनदा चक्कर आली होती. मिरजेच्या डॉक्टरांनी तपासून सांगितलं, हृदयातली झडप खराब झालीय. मांडीच्या शिरेतून नवी झडप बसवता येते, पण ज्या जातीची बाईंना हवी ती चेन्नईला बसवतात. आठ दिवसांच्या आत गेलं पाहिजे, आगगाडीचा एवढा प्रवास झेपणार नाही, विमानानेच जा. तारीख ठरली. आणि वर नियम असा, की आजाऱ्याला चाकाच्या खुर्चीतून वेगळ्या दाराने झटकन सोडतात, पण त्याच्याबरोबर माणूस सोडतात तो फक्त एका चुलीचा. तिकडे इस्पितळात सहीसुद्धा त्याचीच.

"माझं कोण आहे एका चुलीचं?" फोनवर बाईंचा आवाज कापला. नऊ वर्षांत अण्णांनी त्यांचा असा आवाज ऐकला नव्हता. "मगदूम, मी एकटी जाणार नाही. सांगून ठेवते. टेबलावर मेले तर नाव विचारायलाही कुणी नसायचं. त्यापेक्षा इथंच माझ्या घरात बरी."

"एकट्या कशाला जाताय? मी येतो."

"तुम्हाला सोडतील?"

"यंत्राला ठाऊक आहे बाई आपलं. मी डोळ्यांनी पाहिलंय. दोन वर्तुळं दिसली होती."

त्यातल्या दुसऱ्या वर्तुळाचं नंतर काय झालं, ते अण्णांनी सांगितलं नाही. चौतीस वर्षं परीक्षानळ्या धुतलेला माणूस तो. धुतलेल्या नळीत काय शिल्लक राहतं हे त्याला कुणी शिकवायला नको होतं. पण नऊ वर्षांचा सहवास पाच महिन्यांत कुठे जातोय, अशी वेडी आशा धरून बसले. सन्मतीला सांगितलं, शेजारच्या बाईंना विमानतळापर्यंत सोडून येतो. स्वतःच्या पिशवीत मात्र आठ दिवसांचे कपडे भरले आणि तिकीटही दोघांचं काढलं.

सकाळी दहाला डॉक्टरांनी ठरवून दिलेली गाडी मिरजेहून विमानतळावर आली. बाई उतरल्या त्या चाकाच्या खुर्चीतच. पांढरी साडी, अंगावर शाल, चेहरा पार ओढलेला. तरी अण्णांना बघून म्हणाल्या, "दाढी तरी करायची होती. लोक म्हणतील, आजारी कोण आहे?"

आजाऱ्यांच्या दारापाशी दोन काचांच्या मधली एक खोली होती. मागची काच लागली की पुढची उघडते, अशी रचना. दोघं आत आले. झुळूक आली. पडद्यावर चार वर्तुळं उमटली, एकमेकांत गच्च शिरलेली. आणि लांब कोपऱ्यात एक, एकटंच.

आतला अधिकारी पन्नाशीचा, थकलेला माणूस होता. आवाज नरम होता.

"काका, तुम्ही मगदूम कुटुंबातले. तुम्ही तुमच्या दाराने जाऊ शकता. या बाई तुमच्या चुलीतल्या नाहीत, त्यांना एकट्याने पुढे जावं लागेल. तिकडे इस्पितळातही तुमची सही चालणार नाही."

"आहेत हो. तुमच्या यंत्राने मागे दाखवलंय. जूनमध्ये. बघा की नीट!"

त्याने पडद्यावर काहीतरी वर-खाली केलं. "हो, नोंद आहे. तुमच्याबरोबर एका बाईंची खूण सापडली होती. तुम्ही जाहीर केलंय," आणि त्याने सरळ वाचून टाकलं, "'डबा देणारी बाई. नातं नाही.' म्हणून पुसली."

अण्णांना बाईंकडे बघवेना. बाईंनी शाल नीट केली.

"बरोबर लिहिलंय," त्या अधिकाऱ्याला म्हणाल्या. "डबाच होता. ढकला माझी खुर्ची."

"बाई, ऐका..."

"काय ऐकू? कुणासमोर म्हणालासा?"

"सन्मती होता."

"मग बरोबर आहे." त्यांचे डोळे भरले होते आणि ते भरल्याचा त्यांना राग आला होता. "पोरासमोर लाज वाटली माझी. नऊ वर्षं माझ्या चुलीपुढं बसताना नाही वाटली, ती तिथं वाटली. ढकला हो खुर्ची."

"थांबा!" अण्णा अधिकाऱ्याकडे वळले. "आत्ता नाव घालायचं तर काय करावं लागेल?"

"एका वेळी एकाच चुलीत राहता येतं, काका. आधीच्या चुलीतून नाव काढायचं. मग या बाईंबरोबर नवी चूल जाहीर करायची. पण तुम्हाला आज त्यांच्याबरोबर जाता येणार नाही, ढग मुरल्याशिवाय दार उघडत नाही. फार तर एवढं होईल, की त्यांच्या कागदावर घरचं माणूस म्हणून तुमचं नाव लागेल. इस्पितळातून फोन तुम्हाला येईल. सहीऐवजी तुमचा आवाज चालेल."

"म्हणजे यांना कुणीच नाही असं राहणार नाही."

"तसं राहणार नाही. पण तिकडे तुमच्या मुलाची चूल तिघांची होईल. एका वर्षासाठी. तोवर तिच्यात नवा चौथा घालता येत नाही."

अण्णांनी फोन लावला. सन्मती त्या दिवशी चेन्नईत होता. अण्णांनी एका दमात सगळं सांगितलं. नऊ वर्षं, डबा, जून महिना, झडप. आयुष्यात इतकं खरं ते मुलाशी कधी बोलले नव्हते.

"अण्णा, तेव्हाच का नाही सांगितलंत?" सन्मतीचा आवाज चिरकला. "पाचवी म्हणून तिथल्या तिथे घातलं असतं की नाव! मी नाही म्हणालो असतो का? मी गप्प बसलो ते तुम्हाला ओशाळं वाटू नये म्हणून. आणि आता... आता माझी नोकरी जाईल अण्णा. कळतंय ना तुम्हाला?"

कळत होतं. सगळं कळत होतं. कुणी अडवलंच नव्हतं. ज्या भिंतीला टेकून ते पाच महिने कुढत बसले होते ती त्यांनी स्वतःच्या हाताने बांधली होती, एका वाक्यात.

"सन्मती, माझं चुकलं. तुझं नुकसान होतंय, तेही माझ्याचमुळे. पण हिला मी अशी पाठवणार नाही," असं म्हणून अण्णांनी फोन ठेवला.

अधिकाऱ्याने पडदा पुढे केला. नात्यांची यादी होती. पत्नी, बहीण, आई, वहिनी, सून.

"काय लिहू?"

"जिच्याशिवाय घास उतरत नाही ती कशात बसते?"

अधिकारी हसला नाही. "सहसा पत्नीत बसते, काका. पण दोघांचे अंगठे लागतात."

अण्णांनी आपला अंगठा टेकवला. मग पहिल्यांदाच खुर्चीसमोर आले आणि गुडघ्यांवर बसले, एकोणसत्तराव्या वर्षी, सगळ्या विमानतळाला काचेतून दिसेल असे.

"राजमती," ते म्हणाले. नऊ वर्षांत हे नाव त्यांच्या तोंडून निघालं नव्हतं. "मी भ्यालो. दुसरं काही कारण नव्हतं."

बाईंनी त्यांच्याकडे पाहिलं. मग पडद्याकडे. मग आपल्या अंगठ्याकडे, जन्मभर सुईने टोचून टोचून खरखरीत झालेल्या.

"विमान सुटायच्या वेळेला सुचलं होय हे?" त्या म्हणाल्या, आणि अंगठा टेकवला.

पुढची काच उघडली. परिचारिकेने खुर्ची आत घेतली. बाई वळून बघतील म्हणून अण्णा बघत राहिले. खुर्चीला पाठ उंच होती, वळणं शक्य नव्हतं, पण एक हात बाजूला आला आणि 'बसा, बसा' असं सांगावं तसा हलला. मग कोपरा आला आणि काच मिटली.

अण्णा मागे वळले. मागची काच उघडेना. पुढचीही नाही. त्यांनी हाताने थोपटून पाहिलं.

छतातून त्याच अधिकाऱ्याचा आवाज आला. "काका, जरा अडचण आहे. तुमची जुनी चूल रद्द झाली, नवी अजून मुरलेली नाही. यंत्राच्या लेखी तुम्ही आत्ता कुणाचेच नाही. अशा माणसाला आम्हाला मोकळं सोडता येत नाही. चुलीतल्या कुणाच्या तरी ताब्यात द्यावं लागतं."

"मग?"

"तुमचा मुलगा फोनवर आहे. जाहीर केलेलं अर्ध्या तासाच्या आत मागे घेता येतं. तो म्हणतोय, मागे घ्या, मी संध्याकाळी येऊन तुम्हाला घेऊन जातो. बाईंचं आपण दुसरं काहीतरी बघू, असंही म्हणतोय. घेऊ मागे?"

अण्णांनी खोली बघितली. चार पावलं लांब, तीन रुंद. कोपऱ्यात एक लोखंडी बाक. काचेपलीकडून जाणारी माणसं त्यांच्याकडे बघत होती, एक लहान मुलगी बोट दाखवत होती. आता लपवण्यासारखं काही उरलं नव्हतं आणि लपायला जागाही नव्हती.

"नको," ते म्हणाले.

"काका, मग तुम्हाला घ्यायला कोण येणार? नाव सांगा."

"राजमती मगदूम."

"अहो, त्या तर आत गेल्या. विमान उडेल आता. आठ दिवस तरी यायच्या नाहीत."

अण्णा बाकावर बसले, पिशवी मांडीवर घेतली आणि फोन हातात धरला, इस्पितळातून आला तर पहिल्याच घंटीला उचलता यावा म्हणून.

"येतील की," ते म्हणाले. "थांबतो मी."